फोन सायलेंटवर, खेळ नाही

पळस्पे फाट्यावर शांतता मागायची तर ती कोणाकडे, हाच पहिला प्रश्न. एका अंगाला जुना मुंबई-पुणे रस्ता. दुसऱ्या अंगाला कोकणाकडे सुटणारा गोव्याचा महामार्ग, जो कागदावर ६६ नंबरचा झाला तरी कित्येकांच्या तोंडी अजून १७ नंबरच आहे. आणि तिसरीकडून न्हावा शेवा बंदराचे कंटेनर. एअर ब्रेकचा फुसकारा, मागे येणाऱ्या ट्रकची पिपाणी, वडापावासाठी थांबलेल्या एसटीत वाहकाने मारलेली डबल बेल. गणपतीच्या आधीच्या दोन-तीन रात्री तर फाट्याच्या डोळ्याला डोळा लागत नाही.

अशा ठिकाणी सकाळी साडेनवाला कोणी "जरा आवाज बंद कर रे" म्हणाले तर ऐकणाऱ्याला हसू यावे. पण म्हणणारी बाई रात्रपाळी करून आलेली असली तर?

समजा, फाट्यापासून थोडे आत तिचे घर आहे. पनवेलच्या एका रुग्णालयात ती आयसीयूची सिस्टर. निवृत्तीला दोन वर्षे उरलेली. घरात सुट्टीवर आलेला नऊ वर्षांचा नातू, आणि चिपळूणला निघालेला, वाटेत चहापुरता थांबलेला भाचा. भाचा पुण्यात एका लहानशा स्टुडिओत व्हिडिओ गेमसाठी आवाज तयार करतो: पावले, दारे, तलवारी, पाऊस. ही तिघे या लेखापुरती बेतलेली आहेत. त्यांच्या बोलण्यात येणारी यंत्रे, साले आणि आकडे मात्र बेतलेले नाहीत.

मावशीने झोपायला जाण्यापूर्वी आपला फोन सायलेंटवर टाकला आणि नातवाच्या हातात दिला. दोन मिनिटांत आतल्या खोलीतून गोळीबार सुरू.

"अरे, सायलेंटवर टाकलाय मी फोन. मग हे ठो ठो कुठून येतंय?"

भाचा हसला. "मावशी, फोन सायलेंटवर आहे. खेळ नाहीये."

हे तिला थट्टेसारखे वाटले, पण उत्तर अक्षरशः खरे होते. अँड्रॉइड फोनमध्ये आवाजाचा एक नळ नसतो, चार-पाच असतात. रिंगटोनचा वेगळा, अलार्मचा वेगळा, फोनवरच्या बोलण्याचा वेगळा, आणि गाणी-व्हिडिओ-खेळ यांचा मिळून मीडियाचा वेगळा. सायलेंट केले की रिंग आणि सूचनांचा नळ बंद होतो. मीडियाचा चालूच राहतो. २०१८ च्या अँड्रॉइड ९ पासून बाजूचे बटण दाबले की मुळात मीडियाचाच आवाज कमीजास्त होतो, त्याआधी बहुधा रिंगचा व्हायचा. डू नॉट डिस्टर्बच्या पोटात शिरून मीडियाही गप्प करता येतो, पण तिथवर किती लोक जातात?

"त्यामागे विचार आहे," भाचा म्हणाला. "सायलेंट म्हणजे फोन आपणहून वाजणार नाही. तू स्वतः काही वाजवलंस तर ते वाजेल. देवळात फोन सायलेंट केला आणि बाहेर आल्यावर गाणं लावलं, तर ते ऐकू यायला नको का?"

"मी कुठे काय वाजवलं? वाजवलं त्याने. ऐकतेय मी."

इथे मावशीने नेमक्या जागी बोट ठेवले होते. फोन एकाच्या हातात असतो आणि कान खोलीतल्या सगळ्यांना असतात. फोनमधले सगळे नळ मात्र हातात धरणाऱ्याला विचारून आखलेले आहेत.

भाच्याने आपला आयफोन पुढे केला. त्याच्या कडेला कित्येक वर्षे एक खटका होता. २०२३ च्या प्रो मॉडेलपासून त्या जागी बटण आले. हा खटका सायलेंटवर नेला की बरेच खेळ मुके होतात. बरेच, सगळे नव्हे. खेळ लिहिणाऱ्याला कोडमध्ये सांगावे लागते की आपला आवाज कोणत्या वर्गातला. काहीच सांगितले नाही तर तो खटक्याचे ऐकतो. 'प्लेबॅक' हा वर्ग निवडला की खटक्याला जुमानत नाही, कारण तो वर्ग मुळात गाणी आणि चित्रपटांसारख्या गोष्टींसाठी ठेवलेला. म्हणजे एकाच फोनवर, एकाच खटक्याखाली, एक खेळ गप्प आणि शेजारचा बोंबलतोय.

"मग तो खटका कसला? शोभेचा?"

"तसं नाही गं. समजा, कोणी ध्यान शिकवणारं ॲप घेतलं. त्याला आवाजच नसेल तर ते उघडणार कशाला? ठरवायचं तर कोणीतरी पाहिजे. ॲपलने ते बनवणाऱ्यावर सोडलं."

"बनवणाऱ्यावर. म्हणजे तुझ्यावर."

भाच्याने चहाचा कप उचलला. यावर लगेच बोलण्यासारखे त्याच्याकडे काही नव्हते.

मावशी उठली, आत जाऊन बाजूचे बटण दाबून धरले, आवाज शून्यावर आणला आणि परत येऊन बसली. झोप आता उडालीच होती. "तुझ्या ताईकडे लहानपणी तो ब्रिक गेम होता, आठवतो? जत्रेत घेतलेला. ते ठोकळे पडायचे तो."

ब्रिक गेम कोणाला आठवत नाही? नव्वदच्या दशकात खेळण्यांच्या दुकानांत आणि जत्रांच्या पालांत मिळणारे ते प्लास्टिकचे डबडे. त्यावर '९९९९ इन १' असे खुशाल छापलेले असे, आत खेळ असत हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. पण त्याच्या पुढच्याच अंगाला, मोठ्या बटणांच्या वर, चार चिमुकली बटणे असत: चालू-बंद, सुरू-थांब, रीसेट आणि आवाज. एकदा दाबले की पीं-पीं बंद. मेनू नाही, सेटिंग नाही.

"इतक्या स्वस्त खेळण्याला जे सुचलं ते या एवढ्या महागाच्या फोनला सुचू नये?"

"त्याला सुचलं कारण त्याला दुसरं कामच नव्हतं," भाचा म्हणाला. "एक डबा, एक खेळ, एक आवाज. तुझ्या फोनमध्ये बँक आहे, डॉक्टरांचा कॉल आहे, सहाचा अलार्म आहे. सगळ्यांना मिळून एकच बटण दिलं तर उद्या अलार्म वाजला नाही म्हणून तूच ओरडशील."

त्याचे म्हणणे उडवून लावण्यासारखे नाही. जुन्या यंत्रांचा साधेपणा आठवताना त्यांचा थिटेपणा विसरायला होतो. १९८९ च्या गेम बॉयला कडेला आवाजाचे चाक होते, अंगठ्याने फिरवायचे. आपल्याकडे टीव्हीला जोडायचे काडतूसवाले व्हिडिओ गेम आले, त्यांचा आवाज टीव्हीतूनच यायचा, म्हणून टीव्हीचे बटण पिळले की काम झाले. नोकियाच्या ३३१० मध्ये, म्हणजे २००० साली, खेळांच्या मेनूत आवाज, दिवा आणि थरथर यांच्या वेगवेगळ्या सेटिंग होत्या. साप मुकाट्याने सफरचंद खायचा आणि मागच्या बाकावर ते कोणाला कळायचे नाही.

मात्र एका ठिकाणी आवाज खेळणाऱ्याच्या हातात कधीच नव्हता. व्हिडिओ गेम पार्लर. आपल्याकडे ज्याला सगळे नुसते 'मुस्तफा' म्हणायचे तो कॅपकॉमचा १९९३ चा कॅडिलॅक्स अँड डायनोसॉर्स, किंवा त्याच्या शेजारचे कुठलेही मशीन, कोणी खेळत नसतानाही अधूनमधून वाजत राही. गिऱ्हाईक ओढण्यासाठीच ते वाजणे असे. अनेक मशीनच्या आत, सर्किट बोर्डावर किंवा सर्व्हिस मेनूत, हा 'डेमो'चा आवाज बंद करण्याची सोय होती. किल्ली मालकाकडे. शेजारचा शिंपी कितीही वैतागला तरी त्याच्या हातात काही नसे.

"म्हणजे वैतागणाऱ्याकडे बटण नाही, हे तेव्हापासूनचंच," मावशी म्हणाली.

भाच्याने आता सावरून बसत आपली बाजू मांडायला घेतली. त्याच्या मते घोळ 'आवाज' या शब्दातच आहे. आवाज म्हणजे खेळावरचे तोंडीलावणे, काढले तरी पोट भरते, असे लोक समजून चालतात. १९७८ चा स्पेस इन्व्हेडर्स घ्या. जपानच्या ताइतो कंपनीसाठी तोमोहिरो निशिकादो यांनी तो बनवला. त्यात चार जाड सूर एकामागून एक उतरत जातात आणि पुन्हा पहिल्यापासून. परग्रहावरचे शत्रू कमी होत जातात तशी त्यांची चाल वाढते, आणि सुरांचीही. खेळणाऱ्याची छाती त्या ठेक्यावर धडधडायला लागते. मारिओमध्ये वेळ शंभराच्या खाली गेली की संगीत धावत सुटते. घड्याळाकडे बघायची गरजच राहत नाही, कान सांगतात.

"आणि कबड्डी?" तो म्हणाला. "आजोबांचं काय होतं, सांग."

मावशीच्या चेहऱ्यावर पहिल्यांदा हसू आले. तिचे वडील रायगडातल्या गावोगावच्या मातीत कबड्डी खेळलेले. "अण्णांचा दम म्हणजे काय! बांधापलीकडून ऐकू यायचा."

"तेच म्हणतोय. चढाईत 'कबड्डी कबड्डी' म्हणणं हा नियम आहे. दम तुटला की खेळाडू बाद. पंचाला तो ऐकू गेला पाहिजे. आता अण्णांना म्यूट कर आणि सांग खेळ कुठे उरला. आंधळी कोशिंबीर घे, ज्याच्यावर राज्य त्याच्याकडे कानांशिवाय आहे काय? अंधांच्या क्रिकेटमध्ये चेंडूत छर्रे घालतात, तो खुळखुळतो. गोलंदाज आधी 'रेडी?' विचारतो, फलंदाजाने 'येस' म्हटलं की 'प्ले' म्हणून टाकतो. २०२५ च्या नोव्हेंबरात आपल्या मुलींनी कोलंबोत अंध महिलांचा पहिला ट्वेंटी-ट्वेंटी विश्वचषक जिंकला, तो असा कानांनी जिंकला."

"आणि ते चालू असताना बघणाऱ्यांनी काय करायचं असतं?"

भाचा थबकला. "गप्प बसायचं असतं."

"हं."

"मावशी, तू वकील व्हायला हवी होतीस."

"अण्णांचा दम मैदानावर होता रे. माझ्या उशाशी नव्हता."

आता तिची पाळी. तिने वाद खेळांवरून उचलला आणि आपल्या वॉर्डात नेला, जिथे आवाज बंद करण्याचा तिला तीस वर्षांचा सराव. आयसीयूतल्या मॉनिटरवर घंटेचे एक चित्र असते. आवाज थोड्या वेळापुरता थांबवला तर त्या घंटेवर तुटक रेघांची फुली येते. कायमचा बंद केला तर सलग रेघांची. ही चिन्हे वैद्यकीय उपकरणांच्या आंतरराष्ट्रीय मानकातच दिलेली आहेत. तुटक फुली म्हणजे दोन मिनिटे, तीन मिनिटे, जे काही ठरवले असेल ते. त्यानंतर मॉनिटर पुन्हा बोलू लागतो. सलग फुली दिसली की आत येणारी प्रत्येक सिस्टर विचारते, ही कोणी केली?

"आम्हाला कळतं की कोणता आवाज कोणी, किती वेळ आणि कशासाठी बंद केलाय," ती म्हणाली. "तुमच्या खेळात एका कर्ण्यावर एक तिरकी रेघ. ती कशाची? गाण्याची? गोळ्यांची? सगळ्याची? आणि कधीपर्यंत? काल मी याच खेळात जाऊन तो कर्णा दाबला होता. आज पुन्हा ठो ठो."

"काल तू संगीत बंद केलं असशील. इफेक्ट्सचा कर्णा वेगळा असतो."

"मग दोन्हींचं चित्र एकच का?"

मावशीला आणखी एक गोष्ट ठाऊक होती, जी खेळ बनवणाऱ्यांच्या कानावर घालायला हवी. आयसीयूत यंत्रे इतकी आणि इतक्या वेळा वाजतात, आणि त्यातली कितीतरी विनाकारण, की माणसाचे कान बोथट होतात. रुग्णालयांच्या जगात याला अलार्म फटीग म्हणतात. अमेरिकेतल्या रुग्णालयांना मान्यता देणाऱ्या संस्थेने दहा-बारा वर्षांपूर्वी तो रुग्णसुरक्षेच्या उद्दिष्टांत घातला. प्रत्येक गोष्ट वाजायला लागली की शेवटी जिथे धावायला हवे तिथेही पाय उचलत नाही. फुकटच्या खेळांत दर नाण्याला खण्ण, दर पेटीला टुणटुण, दर जाहिरातीला दणका असतो. त्यातला कोणता सूर खेळणाऱ्याला काही सांगतो आणि कोणता नुसता त्याला धरून ठेवतो, हे भाच्याला विचारले असते तर त्याने प्रामाणिकपणे सांगितले असते. मावशीने विचारले नाही.

त्याऐवजी भाच्याने एक गोष्ट सांगितली, आणि ती त्याच्या धंद्यातली दुखरी गोष्ट होती. वेबसाइट उघडल्याबरोबर जाहिराती आपोआप वाजू लागतात म्हणून सगळे जग त्रासले होते. एप्रिल २०१८ मध्ये गुगलने क्रोम ब्राउझरच्या ६६ व्या आवृत्तीत नियम आणला: माणसाने पानावर कुठेतरी टिचकी मारल्याशिवाय आवाज नाही. लोकांनी टाळ्या वाजवल्या. पण ब्राउझरमध्ये चालणारे शेकडो जुने छोटे खेळ एका रात्रीत मुके झाले. त्यांचे आवाजाचे यंत्र पान उघडताच सुरू व्हायचे, ते आता अडकून पडले. नंतर टिचकी मारली तरी उठेना. पुष्कळसे खेळ असे होते की त्यांच्या कर्त्यांनी ते कधीच मागे टाकलेले, दुरुस्त करायला कोणी नाही. ओरड झाली, मे महिन्यात गुगलने तेवढा भाग मागे घेतला आणि बनवणाऱ्यांना आणखी काही महिने दिले.

"तुझ्यासारख्या झोपमोड झालेल्या माणसांसाठी काढलेलं फर्मान होतं ते," भाचा म्हणाला. "हेतू चांगला. पण वरून एकदम सगळ्यांचं तोंड दाबलं की त्यात ज्यांचा काही दोष नाही तेही घुसमटतात."

"मग तुझं म्हणणं काय, वाजू द्यावं?"

"माझं म्हणणं, नेमकं बंद करावं."

आणि त्याने लॅपटॉप उघडला. विंडोजमध्ये व्हिस्टाच्या काळापासून, म्हणजे २००७ पासून, व्हॉल्यूम मिक्सर आहे. चालू असलेल्या प्रत्येक प्रोग्रामची पट्टी वेगळी. खेळ शून्यावर, आईचा व्हिडिओ कॉल पूर्ण. किल्लीफलकावरचे म्यूट दाबले की दोन्ही जातात, आणि २०२० च्या ऑनलाइन शाळेत कित्येक मुलांच्या बाईंचा आवाज असाच गेला. ब्राउझरमध्ये टॅबवर उजवी टिचकी मारून तेवढ्याच साइटला गप्प करता येते. प्लेस्टेशन ५ च्या कंट्रोलरवर मधोमध म्यूटचे बटण आहे: दाबले तर आपला माइक बंद, दाबून धरले तर टीव्हीचा आवाजही बंद. निन्टेन्डो स्विचच्या सेटिंगमध्ये अशी सोय आहे की हेडफोन निघाला की यंत्र आपोआप मुके होईल.

ही शेवटची सोय ऐकून मावशी म्हणाली, "हे कोणीतरी लेकुरवाळ्या माणसाने केलेलं दिसतंय."

कारण तिच्या घरात ते घडून गेले होते. नातवाला ब्लूटूथचे इअरबड दिले, रात्री साडेअकराला त्यांची बॅटरी संपली आणि अख्खे युद्ध फोनच्या स्पीकरमधून बाहेर पडले. गंमत म्हणजे अँड्रॉइडला हा क्षण कळतो. हेडफोन सुटला की ते सगळ्या ॲपना एक इशारा पाठवते, ज्याचे इंग्रजी नावच 'आता गोंगाट होणार' अशा अर्थाचे आहे. गाण्यांची ॲप तो इशारा ऐकून थांबतात. खेळांनीही थांबावे अशी अपेक्षा आहे, सक्ती नाही.

इअरबडचा विषय निघालाच, तेव्हा भाच्याला वाटले की आता तोडगा निघाला. "हेडफोन वापरू दे ना त्याला. एसटीनेही तेच सांगितलंय." २०२३ मध्ये एसटी महामंडळाने गाडीत मोबाइल मोठ्याने वाजवायला बंदी केली, त्याच वर्षी मुंबईच्या बेस्टनेही. ऐकायचे तर कानात घालून ऐका. प्रवाशांना हे फार पटले, आणि पळस्प्याच्या फाट्यावरून रोज शंभरदा एसटी बघणाऱ्या माणसाला पटायलाच हवे.

मावशीला पटले नाही. "म्हणजे माझ्या कानातला गोंगाट काढून त्याच्या कानात घालायचा."

यावर भाच्याकडे उडवाउडवीचे उत्तर असू शकत नव्हते, कारण हा त्याचाच विषय. जागतिक आरोग्य संघटना आणि आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघ यांनी सुरक्षित ऐकण्याची मर्यादा आखली आहे: मोठ्यांना आठवड्याला ४० तास ८० डेसिबलपर्यंत, मुलांना ७५ पर्यंत. डेसिबलचे गणित साधे वाढत नाही. तीन डेसिबल चढले की आवाजाची ऊर्जा दुप्पट, म्हणून वेळ निम्मी. ८० ला ४० तास, ८३ ला २०, ८६ ला १०. जानेवारी २०२४ मध्ये 'बीएमजे पब्लिक हेल्थ' या नियतकालिकात १४ अभ्यासांचा आढावा आला, त्यात मिळून ५३ हजारांहून अधिक लोक. काही खेळांत गोळीबाराचे क्षणिक दणके ११९ डेसिबलपर्यंत मोजले गेले होते. मुलांसाठी अशा दणक्यांची मर्यादा १०० च्या आसपास मानतात. मार्च २०२५ मध्ये या दोन्ही संस्थांनी खास व्हिडिओ गेम आणि ईस्पोर्ट्ससाठी वेगळे मानक काढले, ते यामुळेच.

"आणि घराबाहेर?" मावशीने विचारले. "आमच्याकडे भिंतीवर तक्ता आहे, शांतता क्षेत्र, दिवसा ५०, रात्री ४०."

"राहत्या वस्तीत दिवसा ५५, रात्री ४५. २००० सालचे नियम." भाच्याने खिडकीबाहेर पाहिले. एक कंटेनर वळण घेत होता. दोघेही तो जाईपर्यंत थांबले, कारण बोलून उपयोग नव्हता.

"त्याला म्यूट कुठून करायचं?" मावशी म्हणाली, आणि आपल्याच प्रश्नाला हसली.

कंटेनर गेल्यावर बोलणे वेगळ्या वाटेला लागले. मावशीच्या वॉर्डात एकदा एक तरुण आला होता, जन्मापासून ऐकू न येणारा, मोबाइलवर भराभर खेळायचा. तो कसा खेळत असेल, हे तिला तेव्हापासूनचे कोडे. भाचा खुलला. २०१८ च्या सुमारास फोर्टनाइटने आवाज दिसण्याची सोय केली; पावले, गोळीबार, खजिन्याची पेटी यांची चिन्हे ज्या दिशेने आवाज येतो त्या बाजूला पडद्यावर उमटतात. आपल्याकडे घराघरांत खेळल्या गेलेल्या पब्जीच्या मोबाइल आवृत्तीत कोपऱ्यातल्या छोट्या नकाशावर पावलांची खूण दिसे. २०२० चा द लास्ट ऑफ अस पार्ट टू आला तो साठाहून अधिक सुगम्यतेच्या सेटिंग घेऊन: ऐकू न येणाऱ्याला तो बघून खेळता येतो आणि न दिसणाऱ्याला ऐकून.

"म्हणजे आवाजाशिवाय खेळता येतं तर."

"येतं. कोणीतरी आधी विचार केला असेल तर येतं."

"मग तो विचार माझ्यासाठी पण कर. मी बहिरी नाही, मला नुसतं झोपायचंय."

हे वाक्य भाच्याने मनात टिपून ठेवले असावे. त्याच्या स्टुडिओतल्या खेळाला सुरुवातीलाच कंपनीच्या बोधचिन्हाबरोबर तीन सेकंदांचा दणदणीत सूर आहे, त्यानेच केलेला, आणि त्याला त्याचा अभिमानही आहे. आवाजाची सेटिंग त्यानंतर येणाऱ्या मेनूत. म्हणजे खेळ कायमचा मुका करून ठेवायचा तरी आधी एकदा तो पूर्ण आवाजात ऐकून घ्यावा लागतो. हे त्याने मावशीला सांगितले, जरा खाली बघत.

"तीन सेकंद?"

"साडेतीन."

"रात्री दोन वाजता वॉर्डात साडेतीन सेकंद म्हणजे सगळे पेशंट जागे."

"बघतो काय करता येतं ते. पहिला सूर हळू ठेवून चढवत नेता येईल. किंवा मेनू आधी, सूर मग."

"मेनू आधी," मावशी म्हणाली. मग तिला तिचा जुना मुद्दा आठवला. "आणि फुली दोन प्रकारची."

अकरा वाजत आले होते. भाच्याला चिपळूण गाठायचे होते आणि पुढे वडखळला किती वेळ जाईल ते सांगता येत नव्हते. निघण्यापूर्वी तो आत गेला, नातवाशेजारी टेकला. "मामा, आवाज नाही म्हणून मागून येणारे कळत नाहीत, मी सारखा मरतो," पोराने तक्रार केली. मामाने यावर काही तत्त्वज्ञान सांगितले नाही. बंदुकीचा खेळ बंद करून त्याला लुडो किंग लावून दिला. नवी मुंबईतल्या गेमेशन कंपनीने २०१६ मध्ये आणलेला हा खेळ टाळेबंदीच्या दिवसांत घराघरांत पोचला. त्यात फासा वाजला काय न वाजला काय, सहा पडले की सहाच दिसतात.

गाडी फाट्याकडे गेली. मावशीने पडदे ओढले, पंखा दोनवर ठेवला आणि आडवी झाली. बाहेर महामार्ग होता, पण तो तिच्या कानांना कधीचाच सवयीचा झालेला. आतल्या खोलीतून काहीच येत नव्हते. गोळी नाही, फासा नाही, खुर्चीचा आवाजसुद्धा नाही.

पाच मिनिटे गेली. दहा गेली. तीस वर्षे मॉनिटरच्या बीप-बीपवर कान ठेवून बसलेल्या बाईला अशी शांतता सहन होणे अवघड. ती उठली, अनवाणीच दारापर्यंत गेली आणि डोकावली. पोरगा पालथा पडून ओठ हलवत घरे मोजत होता. त्याच्या तीन सोंगट्या घरी पोचल्या होत्या.

"काय झालं, आजी?"

"काही नाही रे. आवाज येईना, म्हणून बघायला आले."